मालिकेतल्या काका-मामांना वारंवार विचारले जाणारे प्रश्न

टीव्हीवर दिसणारा माणूस आपल्याच गल्लीत राहतो म्हटल्यावर लोक विचारणारच. कोल्हापुरात तर त्यासाठी ओळखही लागत नाही. दुधाच्या कट्ट्यावर, दाढीच्या दुकानात, लग्नाच्या पंगतीत, कुणीही सुरू होतं. गेली बरीच वर्षं मी मालिकांमधून काका, मामा, सरपंच, मुख्याध्यापक अशी कामं करतोय. तीच उत्तरं तोंडी देऊन झाली, आता एकदा लिहून ठेवतो.

चरित्र अभिनेता म्हणजे नेमकं कोण?

ज्याच्या लग्नाची गोष्ट चाललेली नाही, तो.

अर्ध्या तासाचा भाग जाहिराती वगळल्या तर बावीस-तेवीस मिनिटांचा होतो. गोष्ट नायक-नायिकेची असते, पण त्यांना बातमी सांगायला कुणीतरी लागतो, अडवायला लागतो, समजावायला लागतो आणि बऱ्याचदा नुसतं ऐकून घ्यायला लागतो. तो आमचा माणूस. तलाठी, इन्स्पेक्टर, वकील, मुलीचा बाप, सोसायटीचा चेअरमन. प्रसंग दुसऱ्याचा असतो आणि तो आपल्यामुळे अडता कामा नये, एवढं ज्याला जमलं त्याला पुढच्या महिन्यात परत फोन येतो.

कोल्हापूरचा आणि या धंद्याचा काय संबंध? हे तर मुंबईचं काम.

हा प्रश्न कोल्हापूरच्याच पोरांनी विचारला की मला राग येतो, म्हणून जरा सविस्तर.

बाबूराव पेंटरांची महाराष्ट्र फिल्म कंपनी याच गावातली. त्यांचा 'सैरंध्री' १९२० साली आला. त्यातला कीचकवध इतका खरा वाटला की तो प्रसंग कापायला लागला. १९२५ च्या 'सावकारी पाश'मध्ये शेतकऱ्याचं काम केलं ते शांतारामबापूंनी. पुढे १९२९ मध्ये प्रभात कंपनी निघाली तीही इथेच; पुण्याला गेली ती नंतर, १९३३ मध्ये. 'अयोध्येचा राजा' कोल्हापुरात झाला. मग भालजी पेंढारकरांचा जयप्रभा स्टुडिओ. गांधीहत्येनंतरच्या १९४८ च्या जाळपोळीत तो जळाला, तरी भालजींनी पुन्हा उभा केला. सुलोचनादीदी, सूर्यकांत आणि चंद्रकांत मांढरे ही माणसं त्या अंगणात घडली.

आता यात आमच्यासारख्यांचं काय? स्टुडिओ गावात असला की नायक बाहेरून आणता येतो, पण पाटील, कुळकर्णी, हवालदार आणि गर्दीतली चार बोलकी माणसं रोज बाहेरून आणणं परवडत नाही. ती गल्लीतनंच घ्यावी लागतात. दिवसा नोकरी किंवा दुकान, बोलावलं की स्टुडिओत, अशी माणसं इथे पिढ्यान्पिढ्या तयार झाली. जयशंकर दानवे, भालचंद्र कुलकर्णी, गणपत पाटील ही त्यातली ठळक नावं. मराठी चित्रपट महामंडळाचं मुख्य कार्यालय आजही कोल्हापुरात आहे, ते त्यामुळेच.

तुमची सुरुवात कशी झाली?

बहुतेकांची होते तशीच, राज्य नाट्य स्पर्धेतनं. मी एका सहकारी संस्थेत कारकून होतो. साडेसहाला टेबल आवरायचं, घरी दोन घास खायचे आणि आठ वाजता तालमीला. शाळेचा एखादा वर्ग मिळायचा, तिथली बाकं भिंतीला लावून तालीम. प्रयोग केशवराव भोसले नाट्यगृहात. शाहू महाराजांनी बांधलेल्या त्या थिएटरात शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोचवायचा, हे माझं एकमेव शिक्षण.

८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री ते नाट्यगृह जळालं. दुसऱ्या दिवशी केशवरावांची जयंती. त्या रात्री खासबागेच्या बाजूला उभं राहून रडणाऱ्यांत टीव्हीवर कधीही न रडलेले बरेच जण होते.

मालिकेत यायला मात्र हेच शिक्षण आड येतं. नाटकवाला कॅमेऱ्यासमोर पहिले काही महिने ओरडतो. छातीवर माइक लावलेला असतो, हळू बोललं तरी चालतं, हे डोक्याला कळतं. गळ्याला कळायला वेळ लागतो.

ऑडिशन मुंबईला जाऊनच द्यावी लागते का?

आता नाही. फोनवर चार ओळी येतात, आपण घरी मोबाइल उभा करून सेल्फ टेप पाठवायची. नाव, उंची, वय, डावा-उजवा चेहरा, मग प्रसंग. मागे साधी भिंत हवी. माझ्या एका टेपमध्ये मागनं कुकरच्या शिट्ट्या आल्या आणि नेमकं तेच काम मिळालं; कास्टिंगवाल्या मुलीचं म्हणणं, घर खरं वाटलं. हे सूत्र समजू नये. पुढच्या वेळी मुद्दाम कुकर लावला, काही झालं नाही.

चित्रीकरण इथे चालतं की तिकडे?

दोन्हीकडे. मोरेवाडीच्या माळावर चित्रनगरी आहे. 'दख्खनचा राजा जोतिबा' तिथे उभी राहिली. 'तुझ्यात जीव रंगला' करवीर तालुक्यातल्या वसगड्यात झाली आणि तिथला वाडा बघायला गाड्या भरभरून लोक यायचे. मालिका इथे असली की आम्हाला दिवाळी: सकाळी घरनं निघायचं, रात्री घरी जेवायचं.

एरवी ठाण्याचा घोडबंदर रोड, गोरेगावची फिल्मसिटी किंवा मढ. त्यासाठी कावळा नाक्यावरनं रात्रीची ट्रॅव्हल्स, नाहीतर महालक्ष्मी एक्सप्रेस. सकाळी उतरायचं, कुठेतरी तोंड धुवायचं आणि नऊच्या कॉलला मेकअपला बसायचं. गाडीभाडं मिळतं का, राहण्याची सोय कुणाची, हे सगळं आधी बोलून घ्यावं. नंतर विचारलं की माणूस किरकिऱ्या ठरतो. दोन दिवसांच्या कामासाठी चार दिवस जातात, हे हिशेबात धरत चला.

एका दिवसात किती काम असतं?

शिफ्ट बारा तासांची. त्यात तुमचं काम दोन प्रसंग, कधी पाच, कधी एकच. उरलेला वेळ बसणं. बसता येणं ही या धंद्यातली मोठी विद्या आहे आणि ती कुठल्याच वर्गात शिकवत नाहीत. झोपलात तर चेहरा सुजतो, फोन बघत बसलात तर डोळे लाल होतात, गप्पा मारल्या तर आवाज बसतो. मी वर्तमानपत्रातलं कोडं सोडवतो.

ओळी पाठ कशा होतात?

बऱ्याचदा सीन पेपर सेटवरच हातात येतो, तोही गरम. दोन पानं, पंधरा मिनिटं. घोकंपट्टी करू नये. समोरचा काय म्हणतोय ते नीट ऐकलं की आपली ओळ त्याच्या मागोमाग येते. जी येत नाही ती बहुधा वाईट लिहिलेली असते. दिग्दर्शकाला गोडीत विचारलं तर बदलूनही मिळते.

जेवणाच्या प्रसंगात खरंच जेवता का?

हा प्रश्न बायका हमखास विचारतात आणि खरं सांगायचं तर सगळ्यांत चांगला प्रश्न हाच आहे.

समजा ताटाभोवती सहाजण बसलेत आणि थोरली सून वेगळं राहायचं म्हणते. आधी मास्टर शॉट होतो, सगळ्यांचा मिळून. मग एकेकाचा क्लोज. म्हणजे तोच प्रसंग सात-आठ वेळा. मास्टरमध्ये तुम्ही 'वाटणी' या शब्दाला भाकरी मोडली असेल, तर प्रत्येक क्लोजमध्ये त्याच शब्दाला मोडायची. नाहीतर एडिटरकडे गेल्यावर एका कटला भाकरी अख्खी, पुढच्या कटला अर्धी. नवा माणूस हौसेने पहिल्याच टेकला तीन घास खातो आणि मग प्रत्येक टेकला तीन घास खाऊन संध्याकाळी ओकतो. जुना माणूस काय करतो? पहिला घास हातात धरून ठेवतो. तोंडाशी नेतो, सुनेचं वाक्य ऐकतो आणि परत ताटात ठेवतो. खाणं वाचलं, कंटिन्युइटी सांभाळली, वर दिग्दर्शक म्हणतो, वा काका, काय रिअॅक्शन दिली.

तोवर आमटीवर तेलाची साय धरलेली असते. तो तांबडा रस्सा टीव्हीवर झणझणीत दिसतो, पण प्रत्यक्षात त्याच्याकडे बघवत नाही. खरं जेवण ब्रेकमध्ये, स्टीलच्या ताटात, आणि ते बहुतेक ठिकाणी चांगलं असतं.

खरंच रडता का?

ग्लिसरीन असतं. मामाला रडायला सहसा सांगत नाहीत, फक्त चष्मा पुसायला सांगतात.

पैसे किती मिळतात?

आकडा सांगणार नाही, पण व्यवहार कसा चालतो ते सांगतो, कारण नवी पोरं इथेच फसतात.

आमचा हिशेब दिवसावर असतो. पर डे ठरतो. महिन्याला किमान इतके दिवस देऊ, असं करारात लिहून घेता आलं तर तुमचं नशीब. छोट्या पात्राला ते क्वचित मिळतं. ट्रॅक, म्हणजे गोष्टीचा चालू धागा, तुमच्या घरात असेल तर महिन्यात पंधरा दिवस काम, ट्रॅक नायिकेच्या ऑफिसात गेला की शून्य. मालिका चालू, तुम्ही मालिकेत, गावभर चर्चा तुमची, आणि महिनाभर एक पैसा नाही. हे घरच्यांना समजावून सांगणं अभिनयापेक्षा अवघड.

पैसे हातात यायला सर्वसाधारण नव्वद दिवस. म्हणजे जानेवारीत केलेल्या कामाचे एप्रिल-मेमध्ये. त्यातनं दहा टक्के टीडीएस आधीच कापलेला असतो. तो परत मिळवायचा तर विवरणपत्र भरावं लागतं, म्हणून एक सीए ओळखीचा ठेवा. मेकअपवाल्याला, ड्रेसदादाला सणासुदीला काही द्यायचं, कपडे कधी स्वतःचे न्यायचे, हेही त्यातनंच.

मालिका मध्येच बंद पडली तर मागच्या तीन महिन्यांचं काय, असं विचाराल. फोन करत राहायचं. माझे एका ठिकाणचे पैसे दोन वर्षांनी आले, एका ठिकाणचे आले नाहीत. म्हणून प्रत्येक दिवसाची नोंद वहीत ठेवावी: तारीख, कॉल टाइम, पॅकअप, कुठला प्रसंग. भांडायची वेळ आली की ही वही उपयोगी पडते. आणि नोकरी सोडण्याआधी सहा महिन्यांचा घरखर्च बाजूला काढलेला असावा. मी स्वेच्छानिवृत्ती घेतली ती पोरीचं शिक्षण उरकल्यावर.

तेच तेच रोल करून कंटाळा येत नाही?

येतो की. पण छाप बसणं म्हणजे काय ते गणपत पाटलांकडे बघून कळतं. आमच्या कोल्हापूरचाच माणूस. तमाशापटांत त्यांनी नाच्या असा रंगवला की पुढे आयुष्यभर त्यांच्याकडे तेच काम आलं. पडद्यावरचं ते सोंग लोकांनी घरापर्यंत नेलं, आणि त्याचा त्रास त्यांनी आणि कुटुंबाने सोसला. २००८ साली ते गेले. आता लोक त्यांना थोर म्हणतात.

मालिकेत छाप लवकर बसते, कारण तुम्ही रोज दिसता. एकदा कपटी चुलता केला की पुढची तीन वर्षं कपटी चुलतेच येतात. मी एक उपाय करतो: मालिकेत जे येईल ते करायचं आणि वर्षातून एक नाटक असं करायचं, की ज्यात लोकांनी ओळखूच नये. पैसे मिळत नाहीत, उलट जातात.

मालिकेत तुम्ही मेलात ते खरं का? म्हणजे का मारलं?

तीन कारणं असतात. टीआरपी खाली आला की घरात एक मृत्यू लागतो, आणि नायकाला मारता येत नाही. कलाकाराच्या तारखा जुळेनात, की पात्र जातं. किंवा गोष्ट काही वर्षं पुढे उडी मारते आणि त्या उडीत म्हातारी माणसं गळतात. आकडे दर गुरुवारी येतात, म्हणून शुक्रवारी प्रॉडक्शनचा फोन आला की आमच्या पोटात गोळा.

मेल्यावर भिंतीवर हार घातलेला फोटो लागतो. त्या फोटोसाठी वेगळे पैसे नसतात. माझा फोटो एका मालिकेत मी गेल्यावर बरेच महिने भिंतीवर होता, नायिका रोज त्याच्याशी बोलायची. आमच्या आईला ते बघवेना. तिने त्या वेळेला दुसरा चॅनेल लावायला सुरुवात केली.

लोक रस्त्यात काय म्हणतात?

नाव कुणाला माहीत नसतं, त्याचं काही वाटून घेऊ नये. 'ते बघ, चुलता!' एवढं पुरतं. खलनायकाला भाजीवालीने शिव्या दिल्या वगैरे किस्से सगळे सांगतात; माझा अनुभव जरा वेगळा. मी एका मालिकेत तलाठी होतो. त्या वर्षी गंगावेशीत चहा प्यायला थांबलो की कुणीतरी सातबारा घेऊन यायचा. भावकीत बांधावरनं वाद, नोंद अडलेली, काय करू सांगा. मी सांगायचो, अहो मी खरा तलाठी नाही. तर म्हणायचे, माहीत आहे ओ, पण तुम्हाला त्यातलं कळत असणारच की. शेवटी खऱ्या तलाठ्याशी ओळख काढली आणि लोकांना तिकडे पाठवायला लागलो.

मालिकेतली कोल्हापुरी अशी का असते?

कारण बहुतेक वेळा ती इथे लिहिलेली नसते. दर तिसऱ्या वाक्याला 'नाद खुळा' आणि 'लई भारी', आणि प्रत्येक पात्राच्या तोंडी एकच ताल. आमच्याकडे शेतातला म्हातारा मोजकं बोलतो, आणि घरातली बाई 'मी जातो, मी येतो' म्हणते. ते लिहिलं तर चॅनेलच्या क्रिएटिव्हला वाटतं टायपिंगची चूक आहे. गडहिंग्लजकडची बोली वेगळी, पन्हाळ्याकडची वेगळी, शहरातल्या पेठांची आणखी वेगळी. मी जमेल तिथे वाक्याच्या शेवटी एक 'की' घालतो आणि ओळ सरळ करून घेतो. तेवढं बहुतेक दिग्दर्शक चालवून घेतात.

कोरोनात काय केलंत?

१९ मार्च २०२० पासून चित्रीकरणं थांबली. नव्वद दिवसांच्या रीतीमुळे एक गंमत झाली: मार्चपर्यंतच्या कामाचे पैसे काही जणांना जूनपर्यंत येत राहिले, खरी चणचण त्यानंतर सुरू झाली. परवानगी मिळाली तेव्हा सरकारच्या नियमांत ६५ वर्षांवरच्या कलाकारांना सेटवर मनाई होती. आता सांगा, आजोबा, आजी, देवळातले पुजारी ही पात्रं करणार कोण? लेखकांनी आजोबांना गावी पाठवलं, फोनवरनं बोलायला लावलं. सत्तरीच्या एका कलाकाराने मुंबई उच्च न्यायालयात दाद मागितली आणि ऑगस्ट २०२० मध्ये ती अट रद्द झाली. एप्रिल २०२१ मध्ये पुन्हा बंद. तेव्हा मालिका गोवा, गुजरात, हैदराबाद असं मिळेल तिथे पळाल्या. तिकडे नेताना युनिट लहान करतात, आणि लहान करताना आधी कोण गळतं हे सांगायला नको.

म्हातारपणी काय?

पीएफ नाही, पेन्शन नाही. राज्य सरकारची राजर्षी शाहू महाराज ज्येष्ठ साहित्यिक व कलाकार मानधन सन्मान योजना आहे. २०२४ पासून महिना ५,००० रुपये. वय पन्नासच्या पुढे आणि पंधरा वर्षांचं काम दाखवावं लागतं, शिवाय उत्पन्नाची अट. काम दाखवायचं म्हणजे कागद. जुन्या माणसांकडे आठवणी भरपूर आणि पुरावा एकही नाही, असं मी फार पाहिलंय. नाटकाची जाहिरात, स्पर्धेचं प्रमाणपत्र, करारपत्राची झेरॉक्स, सगळं एका फाइलीत आजपासून घाला. तरुणांनीसुद्धा.

माझ्या मुलाला अभिनयात घालायचंय. कुणाला पैसे द्यायचे?

कुणालाही नाही. नोंदणी फी, कार्ड फी, पोर्टफोलिओ, निवड झालीय फक्त डिपॉझिट भरा, असलं काही आलं की फोन ठेवावा. काम देणारा पैसे देतो, मागत नाही.

मुलाला आधी एखाद्या नाट्यसंस्थेत पाठवा. कोल्हापुरात 'प्रत्यय'सारखी संस्था वर्षानुवर्षं गंभीरपणे नाटक करतेय, शिवाजी विद्यापीठात संगीत आणि नाट्यशास्त्राचा विभाग आहे. तिथे झाडू मारायला, कपडे इस्त्री करायला सांगतील. ते करायला तयार असेल तर पुढचं बघू. आणि मुलाला स्वतःलाच बोलायला सांगा. वडील बोलत राहिले आणि मुलगा फोनमध्ये बघत राहिला, की मी पत्ता लिहून देतो आणि विषय संपवतो.

सेट बघायला येता येईल का?

येईल, आधी विचारून. प्रॉडक्शनची परवानगी लागते, आणि दहाजणांना घेऊन आलात तर मला परत कुणी बोलावणार नाही. दोघे या, जेवणाच्या ब्रेकनंतर या. फोन बंद. फोटो काढायचा तर पॅकअपनंतर. त्या दिवशीचा प्रसंग टीव्हीवर यायचा असतो, आणि फोटोत मेलेला माणूस चहा पिताना दिसला की आमची चौकशी होते. एक टेक झाला की तुम्हाला वाटेल संपलं. संपलेलं नसतं. तोच प्रसंग पाचव्यांदा सुरू झाला की पाहुणे घड्याळ बघायला लागतात, तेव्हा येतानाच चप्पल दाराजवळ काढा, म्हणजे आवाज न करता निघता येईल.